लंगड्या मशीनचा ठेका

फुंकऱ्याला हे नाव त्याच्या मास्तरांनी ठेवलं. बासरी शिकायला गेला तेव्हा तो शाळेत होता आणि गरम चहावर मारावी तशी फुंकर बासरीवर मारायचा. मास्तर म्हणाले, "निवली आता ती. वाजव." पोरं हसली आणि नाव चिकटलं. पुढे केस गेले, पोट आलं, नाव काही गेलं नाही.

सूर मात्र त्याचा जात्याच गोड. हे मास्तरही मान्य करायचे, जरा नाइलाजाने. त्याने एक लांब सूर धरला की बोलणारी माणसं गप्प व्हायची. अडचण पुढच्या सुराची होती. तो कधी येईल याचा नेम नसे. मास्तर शिकवताना पायाने जमिनीवर ठेका धरायचे आणि प्रत्येकाला धरायला लावायचे. "आधी पाय, मग ओठ," एवढंच त्यांचं म्हणणं. पाय थांबला की हातातली बासरी काढून घ्यायचे आणि खिडकीत ठेवून द्यायचे. फुंकऱ्याची बासरी बहुतेक वेळ खिडकीतच असे.

काम सोपं नव्हतं. एकच तुकडा, त्याच ठेक्यात, रोज, चूक व्हायची थांबेपर्यंत. बाकीच्या पोरांच्या पोटऱ्या आखडल्या, ओठ फाटले, पण ती पुढे गेली. फुंकऱ्या घरी येऊन आईला म्हणाला, "मास्तर माझ्यातला भाव मारून टाकतायत."

"भाव मेला तर मरू दे," आई म्हणाली. "तू पाय हलव."

त्याने पाय हलवला तो थेट मास्तरांच्या दाराबाहेर. पुन्हा गेला नाही.

मग तो वाद्यांच्या दुकानात लागला. गिऱ्हाइकाला बासरी वाजवून दाखवायची, पुसायची, परत खोक्यात ठेवायची. दाखवायला एक सूर पुरे. गिऱ्हाईक डोळे मिटून "वा!" म्हणे आणि बासरी घेऊन जाई. घरी जाऊन त्याच बासरीतून कुकरच्या शिट्टीसारखा आवाज काढी आणि दोष स्वतःला देई. फुंकऱ्याला हा धंदा फार मानवला. आयुष्यात एका सुरावर भागतं, हे त्याला तिथे कळलं आणि त्याने ते मनावर घेतलं.

त्या दुकानात एकदा शांतिबाई आल्या. त्या माणसांना शांत करण्याचे वर्ग चालवत. मोठा हॉल, जमिनीवर सतरंज्या, कोपऱ्यात उदबत्ती, आणि दमलेली, चिडलेली, झोप न लागणारी माणसं उताणी पडलेली. बाई त्यांना "श्वास घ्या, श्वास सोडा" असं सांगत. लहान असो, म्हातारा असो, प्रत्येकाला "बाळ" म्हणत. त्या आल्या होत्या घंटा घ्यायला. फुंकऱ्याचा एक सूर ऐकला आणि घंटा काउंटरवरच राहिली.

"बाळ, तुझ्या फुंकीत फार मोठी शांतता आहे," बाई म्हणाल्या.

बाळ तेव्हा तिशी ओलांडून गेलेला. पण त्याला आयुष्यात प्रथमच कुणीतरी ओळखलं होतं. त्याने विचारलं, "ठेका कुठला धरायचा?"

"ठेका?" बाई अशा हसल्या, जणू त्याने हॉलमध्ये बकरी आणू का विचारलं. "बाळ, ठेका म्हणजे घाई."

इतकी वर्षं ज्याची वाट पाहिली ते वाक्य हेच. तिथून त्याचं भाग्य फळफळलं.

काम असं. बाई म्हणणार "श्वास घ्या", की याने सूर धरायचा. बाई म्हणणार "सोडा", की याने सोडायचा. मग पुन्हा वाटेल तेव्हा धरायचा. उताण्या पडलेल्या माणसांत कुणी घोरू लागलं की बाई त्याच्याकडे पाहून मान डोलावत. दुसऱ्या कुठल्या कलाकारासमोर लोक झोपले तर तो वाद्य आपटून निघून जाईल. फुंकऱ्याला मात्र घोरणं ही दाद होती. घरी येऊन बायकोला सांगायचा, "आज मागची अख्खी रांग गेली."

"कुठे?"

"झोपली."

"मग त्यात काय," बायको म्हणे. "तुम्ही बोलायला लागलात की मलाही झोप येते."

बायको कपड्यांच्या दुकानात शिवणकाम करी. जे नवे कपडे अंगाला बसत नाहीत त्यांच्या बाह्या उसवायच्या, पँट आखूड करायच्या, चेन बदलायच्या. दिवसभर मशीनवर पाय आणि कापडावर हात. तिला बासरीतलं कळत नसे. पण माणूस काम करून आलाय की बसून आलाय, हे दारात चप्पल काढतानाच तिला कळे.

मग शांतिबाईंनी कॅसेट काढली, पुढे सीडी काढल्या. स्टुडिओत फुंकऱ्याची आणि घुमाऱ्याची गाठ पडली. रेकॉर्ड करणाऱ्याने एक बटण फिरवलं, आणि याचा एवढासा सूर रिकाम्या टाकीत हाक मारावी तसा फुगला, वाढला, भिंतींवर फिरून आला आणि विरायला इतका वेळ लागला की तोवर चहा येऊन गेला. फुंकऱ्या थक्क झाला. एक फुंकर मारायची आणि थांबायचं, बाकीचं घुमारा करतो. पुढे वर्षानुवर्षं त्याने तेच केलं. सीडीची नावं बदलत गेली, 'अथांग', 'निळाई', 'पलीकडचा किनारा', आत तोच सूर. एकीच्या वेळी तर चुकून आधीचंच रेकॉर्डिंग पुन्हा छापलं गेलं. तक्रार कुणाचीच आली नाही. उलट बाईंना पत्र आलं की यावेळी कलाकार आणखी खोल गेला आहे.

एक सीडी त्याने मास्तरांना नेऊन दिली. मास्तर म्हातारे झाले होते, पाय अजून जमिनीवर ठेका धरत होता. त्यांनी सगळी सीडी बसून ऐकली. संपल्यावर म्हणाले, "लावलं सगळं बरोबर. आता सुरू कधी होणार?"

मास्तरांचे कान गेलेत, असं फुंकऱ्याने घरी येऊन सांगितलं.

त्याची दाढ दुखायला लागली तेव्हा दाताच्या डॉक्टरकडे खुर्चीत आडवा पडला, आणि वरच्या स्पीकरमधून स्वतःचीच बासरी ऐकू आली. तोंडात नळी, कापूस आणि डॉक्टरांची बोटं. तशातही त्याने डोळ्यांनी, भुवयांनी, हातांनी सांगायचा प्रयत्न केला की हा मी आहे. डॉक्टरांना वाटलं दुखतंय. त्यांनी आणखी एक इंजेक्शन दिलं. "ही सीडी लावली की पेशंट लवकर बधिर होतात," ते नर्सला म्हणाले. अर्धा चेहरा बधिर घेऊन फुंकऱ्या घरी आला, पण छाती फुगलेली होती.

असे दिवस कायम राहत नाहीत. लोकांच्या हातात फोन आले. फोनमध्ये पाऊस फुकट, समुद्र फुकट, पंख्याची घरघरसुद्धा फुकट. शांतिबाईंच्या हॉलमध्ये एकदा तो वेळेवर पोचला तर आत धबधबा चालू होता.

"बाळ, मनाला लावून घेऊ नकोस," बाई म्हणाल्या. "पण धबधब्याला श्वास घ्यायला थांबावं लागत नाही."

फुंकऱ्या घरी बसला. घरी बसणं त्याला जड गेलं नाही, त्याची सवय होतीच. जड गेली ती बासरी. घरातल्या खोलीत घुमारा नव्हता. पडदे, गादी, कपाटात कोंबलेले कपडे, सगळं आवाज पिऊन टाकी. इतक्या वर्षांनी स्वतःचा कोरडा सूर ऐकून तो दचकला. हाडकुळा, थरथरता, मध्येच हवा सुटणारा. त्याने बासरी घेतली आणि बाथरूममध्ये गेला. तिथे फरशा होत्या. आवाज थोडा फुगला. त्याला बरं वाटलं. तेव्हापासून तो बाथरूममध्ये उलट्या बादलीवर बसून वाजवू लागला आणि बायको दारावर थापा मारू लागली.

अशात बटणवाला आला. हा शांतिबाईंचा भाचा. टायरच्या दुकानावर त्याची खोली होती, भिंतींना अंड्यांचे पुठ्ठे चिकटवलेले, खिडकी काळ्या कापडाने झाकलेली. आत की-बोर्ड, कॉम्प्युटर, वायरी आणि बटणं. तो बटणं दाबून नाचाचं संगीत करी. मावशीच्या कपाटात जुन्या सीडी सापडल्या, त्या ऐकून तो पत्ता काढत आला.

"काका, तुमचा आवाज म्हणजे भारीच. नुसतं धुकं. त्याच्याखाली मी असा काही ठोका देतो ना, बघाच."

धुकं म्हटल्यावर फुंकऱ्या विरघळला. गेला. बटणवाल्याने त्याच्या डोक्यावर हेडफोन चढवला. कानात टकटक सुरू झाली, भिंतीत खिळा ठोकावा तशी, न थांबता. फुंकऱ्याने सूर धरला. टकटक पुढे गेली, हा मागे राहिला. हा धावला तर टकटक मागे. परत, पुन्हा परत. शेवटी बटणवाल्याने हेडफोन काढला.

"काका, तुम्ही नुसतं वाजवत राहा. मी कापतो."

आणि कापलं. याच्या लांबलचक सुराचे त्याने कांद्यासारखे बारीक तुकडे केले, पाहिजे तिथे डकवले, काही उलटे लावले. ऐकल्यावर फुंकऱ्याला आधी राग आला. मग आपण इतकं जलद वाजवू शकतो हे ऐकून अभिमान वाटला. बायकोला ऐकवलं.

"हे तुम्ही?"

"मीच."

"मग हा मध्ये उचकी लागल्यासारखं काय करतोय?"

"ती आधुनिकता आहे."

"पाणी पिऊन बघा," बायको म्हणाली.

ते गाणं चाललं. कुठल्याशा मोठ्या हॉलवाल्यांनी बटणवाल्याला बोलावलं, पण अट घातली की बासरीवाला समोर उभा राहून खरा वाजवणार. बटणवाला आला तेव्हा जरा चुळबुळत होता.

"काका, स्पष्टच बोलतो. ठेक्यात जमलं तर तुम्ही माझ्यासोबत. सगळीकडे, पोस्टरवर नावासकट. नाही जमलं तर... तुकडे माझ्याकडे आहेतच. मी काहीतरी करीन."

म्हणजे प्रश्न एवढाच उरला, की फुंकऱ्या पाहिजे की त्याचे तुकडे पुरेत. धबधब्याने एकदा घालवलं होतं. आता स्वतःच्याच तुकड्यांनी घालवलं तर सांगायचं कुणाला?

आयुष्यात पहिल्यांदा तो सरावाला बसला. पण कुठे? बाथरूममध्ये. आणि तिथेच या सगळ्या गोष्टीचा पाय घसरला.

बाथरूमच्या कोपऱ्यात कपडे धुण्याचं मशीन होतं. जुनं, पुढून दार असलेलं. त्याच्या एका पायाचा पेच गंजला होता, त्यामुळे ते लंगडायचं. आत ओल्या चादरी पडल्या की दर फेऱ्याला ठप्प-ठक, ठप्प-ठक असा आवाज. बटणवाल्याने सरावाला दिलेल्या हेडफोनमधली टकटक ऐकून फुंकऱ्याचं डोकं उठायचं, पण बायको मशीन लावून गेली आणि तो बादलीवर बसून वाजवू लागला तेव्हा त्याच्या लक्षात आलं की गाण्याची चाल आणि मशीनची चाल एकच आहे. ठप्पवर सूर, ठकवर बोट. जमलं! पहिल्यांदा जमलं! त्याने हेडफोन कपाटात टाकला.

त्या दिवसांत त्याने कष्ट केले, हे मान्य करायला हवं. उगाच नावं ठेवू नयेत. बायको कामाला गेली की तो मशीन लावी. धुवायला काही नसलं तर धुतलेल्या चादरी पुन्हा आत टाकी. ओठ फाटला, पाठ धरली, बादलीच्या कडेने मांडीवर वळ उठले, तरी उठला नाही. एक दिवस बायको घरी आली तर हा घामाने निथळत होता आणि त्याचा उजवा पाय आपोआप जमिनीवर पडत होता. मास्तरांनी पाहिलं असतं तर बासरी खिडकीत ठेवली नसती.

एकच गोष्ट त्याच्या ध्यानात आली नाही. असलं मशीन सारखं एका बाजूने फिरत नाही. काही फेरे उजवीकडे, मग थांबतं, मग डावीकडे. ते थांबलं की फुंकऱ्या श्वास घेई. फार सोयीचं होतं. इतकं सोयीचं की ते मशीनचं थांबणं आहे हे तो विसरला. त्याला वाटलं, गाणंच तसं आहे.

कार्यक्रम रविवारी दुपारी होता. बायकोने त्याला पांढरा शर्ट इस्त्री करून दिला आणि स्वतः कानात कापूस घालून मागच्या रांगेत बसली. बसली म्हणजे खुर्च्या नव्हत्याच, खांबाला टेकून उभी राहिली. समोर सगळी तरुण पोरं. बटणवाल्याने ठोका सोडला, जमीन हलली, पोरं उड्या मारू लागली. फुंकऱ्याने डोळे मिटले, मनात बाथरूम आणलं, बादली आणली, मशीनचं गोल दार आणलं आणि फुंकर मारली.

सूर बरोबर पडला. ठप्प-ठक, ठप्प-ठक. बटणवाल्याने खुशीत मान हलवली. गाणं रंगात आलं आणि ऐन भरात फुंकऱ्या थांबला. बासरी ओठावरून खाली. डोळे मिटलेलेच. मशीन उलटं फिरायची वाट बघत शांत उभा.

बटणवाल्याला वाटलं, काका विसरले. घाबरून त्याने ठोका बंद केला. सगळा हॉल एकदम मुका झाला. पोरं एक पाय वर, हात वर, तशीच. आणि मग फुंकऱ्याच्या डोक्यातलं मशीन डावीकडे फिरलं. त्याने सूर लावला. बटणवाल्याने जीव मुठीत धरून ठोका सोडला. हॉल वेडा झाला. पोरं किंचाळली, एकमेकांच्या अंगावर पडली. काही वेळाने फुंकऱ्या पुन्हा थांबला. यावेळी बटणवाला तयार होता.

खांबाजवळ बायकोने कानातला कापूस काढला. नीट ऐकलं. शेजारची मुलगी तिला ओरडून म्हणाली, "काकू, काय थांबतो ना हा माणूस! अंगावर काटा येतो!"

"अगं, हा तर चादरींचा फेरा आहे," बायको म्हणाली. पण तेवढ्यात ठोका सुरू झाला आणि ते कुणाला ऐकू गेलं नाही.

मागच्या खोलीत बटणवाल्याने फुंकऱ्याला मिठी मारली. "काका! ती थांबायची आयडिया! सुचली कशी?"

फुंकऱ्याला कसली आयडिया ते कळायला थोडा वेळ लागला. कळलं तेव्हा त्याने रुमालाने कपाळ पुसलं, जरा लांब पाहिलं आणि म्हणाला, "त्यामागे अनेक वर्षांची साधना आहे."

घरी आल्यावर बायकोने शर्ट काढून घेतला. पाठीपासून कॉलरपर्यंत भिजलेला, मीठ फुटलेलं. तिने तो दोनदा साबण लावून घासला. घासताना ती गुणगुणत होती.

पुढे फुंकऱ्याचा थांबकाका झाला. पोस्टरवर तेच नाव आलं. पोरं त्याच्यासोबत फोटो काढत आणि फोटोत सगळे पुतळ्यासारखे थांबत. एका मुलाखतीत त्याने मौनावर इतकं बोलून घेतलं की मुलाखत घेणाऱ्याला प्रश्न विचारायला जागा मिळाली नाही. सराव हळूहळू कमी झाला. कार्यक्रमाच्या आदल्या दिवशी मशीन लावून थोडा वेळ बादलीवर बसला की पुढचं भागायचं.

पण मशीनचं लंगडणं वाढत चाललं होतं. तोल जातोय म्हटल्यावर ते कपडे पिळायचंच नाकारी. दार उघडलं की चादरी पाण्याने थबथबलेल्या. बायको त्या हाताने पिळी, बादलीत झटकी, पुन्हा पिळी. दिवसभर कात्री चालवून आलेली मनगटं. एका संध्याकाळी भाजी चिरताना तिच्या हातातून सुरी निसटली.

"मशीनवाल्याला निरोप दिला होता," ती म्हणाली. "आला का नाही अजून?"

फुंकऱ्या पेपरात डोकं घालून म्हणाला, "नसेल वेळ मिळाला."

दुसऱ्या दिवशी बाजारात तिला मशीनवालाच भेटला. म्हणाला, "वहिनी, मी आलो होतो की. काकांनी दारातूनच परत पाठवलं. म्हणाले, मशीन ठणठणीत आहे, हात लावू नका."

घरी आली ती पिशवी न ठेवताच बाथरूमच्या दारात उभी राहिली. आत ठप्प-ठक चालू होतं.

"अहो, मशीनवाल्याला परत का पाठवलंत?"

बासरी थांबली. मशीन चालूच. "अगं, तुला नाही कळायचं. ठेक्याचा प्रश्न आहे."

"कळायचं काय त्यात? तुमचा ठेका माझ्या मनगटातून जातोय. हे बघा." तिने हात पुढे केला. मनगट सुजलं होतं.

फुंकऱ्याने पाहिलं. त्याला वाईट वाटलं. खरंच वाटलं. तो म्हणाला, "थोडं थांब ना. हा कार्यक्रम होऊ दे."

"थांबायचं काम तुमचं," बायको म्हणाली. "त्याचीच वाहवा होते ना तुमची? माझ्या चादरी थांबत नाहीत."

मशीनवाला सकाळी आला. गंजलेला पेच तेलाने सोडवला, पाय फिरवून बरोबर केला, एक पट्टा बदलला. चहा गार व्हायच्या आत काम झालं. मशीन लावलं तर आवाज असा, जणू मांजर झोपलंय. चादरी बाहेर आल्या त्या जवळजवळ वाळलेल्या. बायकोने एक गालाला लावून पाहिली.

फुंकऱ्या बादलीवर बसून राहिला. मशीन फिरत होतं की थांबलं होतं, हे बघायला त्याला वाकून काचेतून डोकावावं लागत होतं. सूर लावला की पुढचा कधी लावायचा ते कळेना. पाय उचलला, खाली ठेवला. आपला पाय आपल्याला काही सांगेल, अशी त्याने वाट पाहिली. पायाला काही माहीत नव्हतं.

बायको काम आटोपून आली तेव्हा तो मशीनसमोर गुडघ्यावर बसला होता. एका हातात पाना, दुसऱ्या हातात दुमडलेला पुठ्ठा. पाय पुन्हा आखूड करायचं चाललं होतं. तिला पाहून त्याने पुठ्ठा पाठीमागे लपवला.

तिने आरडाओरडा केला नाही. बादली पुढे सरकवली. "करा लंगडं. माझं काही म्हणणं नाही. पण मग आजपासून चादरी तुम्ही पिळायच्या. रोजच्या. कार्यक्रम असो नसो."

"बस? एवढंच?" फुंकऱ्याच्या जिवात जीव आला. त्याने पेच सोडला, पलीकडच्या पायाखाली पुठ्ठा घातला, मशीन लावलं. ठप्प-ठक. किती गोड! मग मशीन बंद झालं आणि त्याने पहिली चादर बाहेर ओढली. पाण्याने जड, थंडगार, निम्मी त्याच्या पायजम्यावर. पिळायला लागला तर एक टोक सुटे, ते धरलं तर दुसरं सुटे. मध्यावर पीळ बसला तिथून पुढे हात वळेना. तळवे लाल झाले, दंड भरून आले, दम लागला. बायको दाराला टेकून पाहत होती.

"पायाने ठेका धरा," ती म्हणाली. "सोपं जातं."

त्याने चादर तशीच दोरीवर टाकली. खाली पाण्याचं तळं झालं. दुसऱ्या चादरीला त्याने हात लावला नाही. वाकून पुठ्ठा काढला, पेच पुन्हा फिरवला. मशीन सरळ झालं.

दुसऱ्या दिवशी टायरच्या दुकानावर तालीम होती. फुंकऱ्या जिथे थांबायचं तिथे वाजवत राहिला आणि जिथे वाजवायचं तिथे थांबला. बटणवाल्याने तीन-चारदा ठोका बंद-चालू करून पाहिला, मग बटणांवरून हात काढला. म्हातारा माणूस, दमला असेल, असं त्याला वाटलं. पोरगा मनाने वाईट नव्हता.

"काका, तुम्ही टेन्शन घेऊ नका. पहिल्या कार्यक्रमाचं अख्खं रेकॉर्डिंग आहे माझ्याकडे. तेच लावतो. तुम्ही नुसते उभे राहा. बासरी ओठाला, बोटं हलती. माईक बंद ठेवू."

खाली कुणीतरी टायर आपटत होतं, एका लयीत, दमदार. फुंकऱ्याने ते क्षणभर ऐकलं. वाटलं असतं तर तो म्हणू शकला असता, थांब, मला थोडे दिवस दे, मी पुन्हा बसतो. मशीन नको, टकटक नको, पाय घेऊन बसतो. त्याला चादर आठवली. तळहात अजून चुरचुरत होते.

"पोस्टरवर नाव राहील ना?" त्याने विचारलं.

"म्हणजे काय काका! तुमच्याशिवाय कसं?"

पुढच्या रविवारी तो उभा राहिला. गाल फुगवले, बोटं नाचवली. स्पीकरमधून त्याची पहिल्या दिवशीची बासरी वाजत होती. फाटक्या ओठाची, जीव ओतलेली. ऐन भरात ती थांबली, पोरं थांबली, आणि तोही थांबला. मग ती सुरू झाली. तो जरा उशिरा सुरू झाला. पुढच्या रांगेतली एक मुलगी त्याच्या बोटांकडे बघत होती. तिच्या कपाळाला आठी पडली. फुंकऱ्याने बोटं आणखी जोरात हलवली आणि डोळे मिटून घेतले. हॉल वेडा झाला, नेहमीसारखाच.

सकाळी बायको धुण्याचे कपडे गोळा करत होती. "कसा झाला कालचा?"

"काय सांगू," फुंकऱ्या अंथरुणातूनच म्हणाला. "पार घामाघूम झालो. लोक सोडायलाच तयार नव्हते."

खुर्चीच्या पाठीवर पांढरा शर्ट होता. बायकोने तो उचलला. कॉलर पाहिली, काखेत हात घातला, पाठ उलटी करून उजेडात धरली. इस्त्रीची घडी जशीच्या तशी होती. नाकाला लावून पाहिला, साबणाचा वास येत होता.

मशीनचं दार उघडं होतं, आत चादरी भरलेल्या. ती शर्ट हातात घेऊन थोडी उभी राहिली. मग तिने तो हँगरला लावला, वरचं बटण लावलं आणि परत कपाटात ठेवून दिला.